रब्बानित: राब्बीची बायको म्हणजे नेमकी कोण?

ठाणेकर_अश्दोद

लहानपणी ठाण्यात ‘राब्बी’ (यहुदी धर्मगुरू) हा शब्द मी घरात ऐकल्याचं आठवत नाही. आम्ही बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले यहुदी. मशिदीत (सिनेगॉगला आमच्यात मशीदच म्हणतात) हझान असायचे. प्रार्थना, लग्नं, मयत, मलिद्याच्या वेळी एलियाहू हन्नबीचं गाणं, सगळं तेच बघायचे. राब्बीची पदवी घेतलेला माणूस आमच्यात पिढ्यान्‌पिढ्या नव्हता, मग राब्बीची बायको कुठून असणार? हझानांच्या बायकोला आम्ही मावशी म्हणायचो. किद्दूशच्या आशीर्वादासाठी मनुका भिजवून सरबत करायचं ते त्यांनीच. बाईमाणसाच्या मयताला अंघोळ घालायची हाक आली की पहिल्या त्याच निघायच्या. पण त्याला पद वगैरे काही नव्हतं.

इस्राएलला आले आणि लग्न ठरलं. इथे लग्नाची नोंद करायची तर मुलीला आधी एका जाणत्या बाईकडे शिकून यावं लागतं. पाळीचे दिवस कसे मोजायचे, त्यानंतरचे सात स्वच्छ दिवस कसे धरायचे, मिकवेच्या स्नानकुंडात कधी आणि कसं उतरायचं. मला पाठवलं आमच्या वस्तीतल्या राब्बींच्या घरी, त्यांच्या बायकोकडे. सगळे तिला रब्बानित म्हणत. मोरोक्कोहून आलेलं कुटुंब. माझं हिब्रू तेव्हा मोडकंतोडकं, त्यामुळे ती माझ्यासाठी वहीत चौकोन आखून दिवस रंगवून दाखवायची.

त्या दिवशी गुरुवार होता. ओट्यावर शनिवारच्या दाफिना या रश्शासाठी परातभर चणे भिजत घातलेले. दार वाजलं. माझ्याच वयाची एक मुलगी दारात उभी, हातात बंद पाकीट. एक शब्द बोलली नाही. रब्बानितने पाकीट घेतलं, आतल्या खोलीत गेली, दोन मिनिटांनी परत आली आणि म्हणाली, “मुतार.” म्हणजे चालेल, मोकळीक आहे. त्या मुलीचा चेहरा एकदम सैल झाला. ती गेली.

मी विचारलं तेव्हा कळलं की पाकिटात पांढऱ्या कापडाचा तुकडा होता. त्यावर पुसट डाग. त्या डागाच्या रंगावरून ठरतं की तो दिवस स्वच्छ धरायचा की पुन्हा पहिल्यापासून मोजायचं, म्हणजे नवराबायकोने आणखी किती दिवस लांब राहायचं. हे राब्बींना तोंडाने सांगणं कुठल्या मुलीला जमणार? म्हणून रब्बानित. मी विचारलं, “तुम्हाला स्वतःला कळत नाही का?” ती म्हणाली, “तीस वर्षं बघतेय. आत जायच्या आधीच मला कळलेलं असतं. पण निकाल त्यांचा.”

त्या दोन मिनिटांवरून हा धागा काढतेय. गावातल्या निम्म्या माणसांचा धर्म या बाईच्या हातून आत-बाहेर जातो आणि तिची नेमणूक कोणीच केलेली नाही. अश्केनाझी, म्हणजे युरोपातले यहुदी लोक, तिला यिद्दिशमध्ये रेबेत्सिन म्हणतात. या बायकांबद्दल तुम्हाला जे ठाऊक असेल ते लिहा. मीही लिहीत जाईन.

पोथीप्रेमी

ताई, फार छान सुरुवात. तालमूद या जुन्या यहुदी धर्मग्रंथात अशा बायका भरपूर आहेत आणि त्या गप्प बसणाऱ्या नाहीत.

दुसऱ्या शतकातली ब्रुरिया, राब्बी मेईरची बायको. रोमनांनी ज्यांना जाळून मारलं त्या राब्बी हनिना बेन तेरादियोनची मुलगी. एका दिवसात तीनशे गुरूंकडून तीनशे नियम शिकली अशी तिची ख्याती. शेजारचे गुंड राब्बी मेईरला छळत होते, तर तो त्यांच्या मरणाची प्रार्थना करू लागला. हिने त्याला थांबवलं. स्तोत्रात पापं नष्ट होवोत असं आहे, पापी नष्ट होवोत असं नाही, तेव्हा ते सुधारावेत असं माग. त्याने ऐकलं. नंतरच्या काळात, अकराव्या शतकातल्या राशी नावाच्या टीकाकाराच्या टीकेत, तिला कलंक लावणारी एक गोष्ट येते. तालमूदच्या पाठात ती गोष्ट सांगितलेली नाही. मला ती मागाहून चिकटवलेलीच वाटते, आणि दरवेळी ब्रुरियाचं नाव निघालं की कोणीतरी तीच आधी सांगतो याचं वाईट वाटतं.

राब्बी अकिवाची बायको राखेल तर बहुतेकांना माहीत असेल. श्रीमंत बापाची मुलगी, निरक्षर मेंढपाळाशी लग्न केलं, बापाने घराबाहेर काढलं. तिने नवऱ्याला शिकायला धाडलं. बारा वर्षांनी तो परतला तेव्हा दाराबाहेरून त्याने ऐकलं, ती शेजाऱ्याला सांगत होती की माझं ऐकेल तर तो आणखी बारा वर्षं शिकेल. तो दारातूनच परत फिरला. चोवीस वर्षांनी चोवीस हजार शिष्यांसह आला. फाटक्या कपड्यांतली बाई पुढे आली तशी शिष्य तिला ढकलू लागले. अकिवा म्हणाला, सोडा तिला, माझं जे आहे आणि तुमचं जे आहे ते सगळं तिचं आहे.

निशिगंधा_क

पोथीप्रेमी, राखेलची गोष्ट वाचून माझ्या पोटात तुटतं. चोवीस वर्षं! तिला शेवटी एक वाक्य मिळालं.

माझे वडील कोकणातल्या एका गावी भिक्षुकी करायचे. मी काय बोलतेय ते मला नीट माहीत आहे. सत्यनारायणाचा प्रसाद भाजायचा आईने, सोवळं वाळत घालायचं आईने, अवेळी आलेल्या यजमानाला चहा द्यायचा आईने, कोणाच्या घरी सुवेर आहे आणि कोणाच्या घरी सुतक, हे लक्षात ठेवायचं आईने. दक्षिणा बाबांच्या हातात. गावात तिला सगळे ‘भटजींच्या काकू’ म्हणत. ती गेली तेव्हा मृत्यूच्या दाखल्यासाठी आलेल्या माणसाने तिचं नाव विचारलं आणि शेजारचे पाचजण एकमेकांकडे बघायला लागले. तिचं नाव कोणालाच माहीत नव्हतं.

म्हणून विचारते. या रब्बानितला पैसे मिळतात का? आणि तिला तिच्या नावाने कोणी हाक मारतं का?

ठाणेकर_अश्दोद

निशिगंधा, तुमच्या आईबद्दल वाचून थोडा वेळ काही लिहिता आलं नाही.

पैशाचं सांगते. पूर्व युरोपातल्या गावांमध्ये राब्बींना पगार तुटपुंजा असे. म्हणून बऱ्याच ठिकाणी समाजाने यीस्ट विकायचा मक्ता राब्बींच्या बायकोला दिलेला असे, कुठे मेणबत्त्यांचा, कुठे मिठाचा. शनिवारचा ‘हल्ला’ नावाचा पाव भाजायचा तर प्रत्येक घराला यीस्ट लागणारच, आणि ते रेबेत्सिनकडूनच घ्यायचं. म्हणजे कागदोपत्री पगार त्याचा, पण घर चालायचं ते हिच्या हातच्या वजनावर. रादिन गावचे प्रसिद्ध राब्बी हाफेत्स हाईम यांच्या बायकोनेही किराण्याचं दुकान चालवलं. दिवसाच्या खर्चापुरते पैसे जमले की हाफेत्स हाईम दुकान बंद करायला लावत, म्हणजे बाकीच्या दुकानदारांनाही गिऱ्हाईक मिळेल. लोक ही गोष्ट त्यांच्या सचोटीसाठी सांगतात आणि ती खरीच मोठी आहे. मला मात्र गल्ल्यावर बसलेली ती दिसते.

आणि मंगळवारी यीस्ट घ्यायला आलेली बाई नुसतं यीस्ट घेऊन जात नसे. मुलगा ऐकत नाही, नवरा मारतो, कोंबडीच्या पोटात खिळा सापडला आता ती कोशर (धर्मनियमाने खायला चालणारी) की नाही, हे सगळं तिथेच निघे.

हाक मारण्याचं उत्तर नंतर देते.

पोथीप्रेमी

निशिगंधाताई, नावांबद्दल म्हणालात म्हणून एक नाव सांगतो. दुल्सेया.

जर्मनीतलं वर्म्स. बारावं शतक. राब्बी एलाझार मोठे विद्वान, गूढविद्येचे जाणकार. घर चालवायची त्यांची बायको दुल्सेया. शेजारणींचे पैसे एकत्र करून ती व्याजाने लावायची आणि त्यातून नवरा, मुलं, घरात जेवणारे विद्यार्थी, सगळ्यांचं भागवायची. 1196 साली दोन हत्यारबंद माणसं घरात शिरली. ती जखमी अवस्थेत रस्त्यावर मदतीसाठी ओरडत धावली आणि तिथेच मारली गेली. दोन्ही मुलीही गेल्या. बेलेत तेरा वर्षांची, हन्ना सहा वर्षांची.

एलाझारने तिच्यावर शोकगीत लिहिलं. यहुदी घरांत शुक्रवारी रात्री गुणवंत स्त्रीचं जे स्तवन म्हणतात त्याच्या ओळी एकेक घेऊन त्याने खाली तिची कामं लिहिली. तिने तोराच्या (यहुदी धर्मशास्त्राच्या) चाळीसेक गुंडाळ्यांचं चामडं शिवलं. सिनेगॉगसाठी वाती वळल्या. नवऱ्या सजवल्या. प्रेतांना अंघोळ घातली, त्यांची कफनं शिवली. गावोगावच्या बायकांना प्रार्थना शिकवल्या, त्यांच्या चाली लावून दिल्या. मुलींबद्दलही आहे. थोरली आईकडून सगळ्या प्रार्थना शिकली होती, धाकटी रोज ‘शमा’ ही प्रार्थना म्हणायची.

आठशे वर्षांपूर्वीच्या एका बाईने दिवसभर काय केलं याची इतकी तपशीलवार यादी दुसरी मला तरी माहीत नाही. आणि ती मिळाली का, तर तिला मारलं म्हणून.

वाचक१९७०

दुल्सेयाबद्दल पहिल्यांदाच वाचलं. धन्यवाद. पुढच्या प्रतिसादांच्या प्रतीक्षेत.

मिसिसिपीकाठी

मी कामानिमित्त काही वर्षं अमेरिकेच्या दक्षिण भागात राहिले. तिथल्या छोट्या गावांमधल्या यहुदी वस्त्या बहुतेक आता विरळ झाल्यात, पण मेरिडियन गावाची एक गोष्ट तिकडे मोठ्या अभिमानाने सांगतात.

पॉला अ‍ॅकरमन. नवरा विल्यम अ‍ॅकरमन मेरिडियनच्या बेथ इस्राएल मंडळीचे राब्बी. तो आजारी किंवा बाहेरगावी असला की ही प्रार्थना चालवायची, लहान मुलांना धर्मशिक्षण द्यायची. 1950 च्या नोव्हेंबरात तो वारला. नवा राब्बी शोधायचा सोडून मंडळीच्या लोकांनी हिला विचारलं, तुम्हीच चालवाल का? अमेरिकेत तोवर एकाही बाईला राब्बीची दीक्षा मिळाली नव्हती, ती मिळायला 1972 उजाडलं. रिफॉर्म या सुधारणावादी यहुदी पंथाच्या मध्यवर्ती संस्थेच्या अध्यक्षांनी आधी होकार दिला, मग मागे घेतला. मंडळीने तरीही तिलाच ठेवलं. जानेवारी 1951 पासून 1953 पर्यंत तिने प्रवचनं दिली, लग्नं लावली, अंत्यविधी केले.

मला यात सगळ्यात भावतं ते हे की तिला वेगळं काही शिकावं लागलं नाही. इतकी वर्षं शेजारी उभी राहून ती ते करतच होती. गावाला ते ठाऊक होतं, दूरच्या कचेरीला नव्हतं.

तिकडच्याच आणखी दोघी. कॅरी सायमन, वॉशिंग्टनच्या राब्बींची बायको, तिने 1913 साली रिफॉर्म सिनेगॉगांमधल्या महिला मंडळांचा देशभराचा महासंघ उभा केला. आणि मथिल्ड शेख्टर, तिने 1918 साली तसंच काम कॉन्झर्व्हेटिव्ह पंथात केलं. मंडळ म्हटलं की आपल्याला हळदीकुंकू आठवतं, पण या मंडळांनी शाळा चालवल्या, विद्यार्थ्यांना शिष्यवृत्त्या दिल्या.

मोसुलचा_मुसाफिर

पॉला अ‍ॅकरमनच्या तीनशे वर्षं आधी कुर्दिस्तानात हेच घडलंय!

आसेनाथ बार्झानी, जन्म 1590 च्या सुमाराचा. वडील शमुएल बार्झानी, त्यांनी येशिवा, म्हणजे धर्मशास्त्राच्या पाठशाळा, काढल्या. मुलगा नव्हता, मुलीलाच शिकवलं. लग्न लावताना जावयाकडून शब्द घेतला की हिला घरकामाला लावायचं नाही, हिने फक्त अभ्यास करायचा. आणि त्याने तो पाळला. वडिलांनंतर मोसुलची येशिवा नवऱ्याकडे आली. तो आपल्या अभ्यासात गर्क, विद्यार्थ्यांना शिकवायची ही. तो गेल्यावर सगळीच तिच्यावर आली. सावकारांनी घर आणि पुस्तकं जप्त केली तेव्हा तिने हिब्रूत पत्रं लिहून गावोगावच्या यहुद्यांकडे येशिवेसाठी मदत मागितली. त्यात तिने लिहिलंय की मी घराचा उंबरठा कधी ओलांडला नव्हता, विद्वानांच्या मांडीवर वाढले, वडिलांनी मला शास्त्राखेरीज दुसरं कुठलं काम शिकवलं नाही.

तिचा मुलगा पुढे बगदादला शिकवायला गेला.

निशिगंधा_क

मुसाफिर, लग्नातच लिहून घेतलं! माझ्या आजोबांना कोणी हे आधी सांगायला हवं होतं.

कुलाबाकर

बराच विचार करून लिहितोय. मुंबईत या विषयाचं एक नाव आहे ते घ्यायलाच हवं. रिव्का होल्ट्झबर्ग.

हबाद या यहुदी पंथात नवऱ्याला एकट्याला कुठे पाठवत नाहीत, जोडप्याला पाठवतात. तो शालिआख, ती शलुखा, दोघंही पाठवलेले. गाव्रिएल आणि रिव्का 2003 साली मुंबईत आले आणि पुढे कुलाब्यातल्या नरिमन हाउसमध्ये त्यांनी केंद्र चालवलं. इस्राएलहून पाठीवर बॅग टाकून आलेली पोरं, हिरेबाजारातले व्यापारी, कोणीही यायचं, शुक्रवारी रात्री पानं वाढलेली असायची. शहरात कोशर मांस मिळणं कठीण, म्हणून कोंबड्या गाव्रिएल स्वतः कापायचे. इतक्या माणसांचा स्वयंपाक, परदेशातून येणाऱ्या बायकांची विचारपूस, हे रिव्काकडे. 26 नोव्हेंबर 2008 च्या हल्ल्यात दोघंही गेले. ती 28 वर्षांची, तो 29. त्यांच्या दोन वर्षांच्या मोशेला त्याला सांभाळणाऱ्या सँड्रा सॅम्युएल यांनी कवटाळून बाहेर काढलं, ते चित्र आपण सगळ्यांनी पाहिलंय.

मी त्या गल्लीच्या तोंडाशी राहतो. बातम्यांमध्ये ‘राब्बी आणि त्यांची पत्नी’ असं महिनाभर ऐकलं. ती तिथे पत्नी म्हणून राहत नव्हती, कामावर होती, हे मला या धाग्यातल्या पाकिटाच्या गोष्टीमुळे आज नीट समजलं.

ठाणेकर_अश्दोद

कुलाबाकर, बरं झालं लिहिलंत. हबादची ही पद्धत अलीकडच्या काळातली सगळ्यात ठळक गोष्ट आहे. शलुखा मिकवे बांधून घेतात, बालवाड्या चालवतात, आणि दरवर्षी यहुदी पंचांगातल्या शेवात महिन्यात, हाया मुश्का श्नेअरसन यांच्या पुण्यतिथीच्या सुमाराला, जगभरातून न्यूयॉर्कला जमतात. हाया मुश्का म्हणजे हबादच्या सातव्या रेब्बेंची (पंथप्रमुखांची) बायको आणि सहाव्या रेब्बेंची मुलगी. आयुष्यभर लोकांसमोर आल्या नाहीत. पण वडिलांच्या ग्रंथालयावरून घरातच कोर्टकज्जा झाला, पुस्तकं कुटुंबाची की पंथाची, तेव्हा 1985 साली त्यांची साक्ष घेतली. त्या म्हणाल्या, पुस्तकं अनुयायांची, कारण माझे वडीलच अनुयायांचे होते. निकाल पंथाच्या बाजूने लागला.

आता पाकिटाकडे परत येते.

सोळाव्या-सतराव्या शतकात ल्वीवला बाइला फाल्क होती, राब्बी येहोशुआ फाल्क यांची बायको. शनिवारचा दिवा आधी लावतात, मग आशीर्वाद म्हणतात, कारण आशीर्वाद म्हटला की शब्बाथ (शनिवारचा विश्रांतीचा दिवस) लागला आणि मग काडी ओढता येत नाही. बाइलाने विचार केला की सणाच्या दिवशी तर पेटत्या ज्योतीवरून दिवा लावायला परवानगी आहे, मग तिथे नेहमीसारखा आशीर्वाद आधी आणि दिवा मग, असंच हवं. तिच्या मुलाने वडिलांच्या ग्रंथाच्या प्रस्तावनेत आईचं हे मत लिहून ठेवलं. मोठमोठ्या राब्बींनी त्यावर वाद घातला, आणि आज कितीतरी घरांतल्या बायका सणाला बाइलाच्या मताने दिवा लावतात. तिचं मत नवऱ्याच्या पाकिटातून बाहेर आलं नाही, तिच्या नावाने आलं.

आणि आता तर पाकीटही बदललंय. यरुशलेममध्ये निश्मात नावाची बायकांची अभ्याससंस्था आहे, रब्बानित हाना हेन्किन यांनी 1990 साली काढलेली. स्वतः राब्बींची बायको. त्यांच्या लक्षात आलं की कितीतरी बायका लाजेपायी प्रश्न विचारतच नाहीत आणि आपल्या मनाने उगाचच जास्त कडक पाळत राहतात. काहींना त्यामुळे दिवस राहत नाहीत. म्हणून त्यांनी बायकांनाच ते नियम आणि सोबत स्त्रीरोगशास्त्र शिकवायला घेतलं. पहिली तुकडी 1999 मध्ये बाहेर पडली. त्यांना योएत्सेत हलाखा म्हणतात, धर्मनियमांच्या सल्लागार. आता मुली रात्री फोन करतात, पलीकडे बाई असते, आणि नेहमीच्या प्रश्नांची उत्तरं ती स्वतःच देते. अगदी अवघड असेल तरच पुढे विचारायचं.

रब्बानित हा शब्दही हळूहळू सरकतोय. शिकून, शिकवून नाव कमावलेल्या बाईला आता लोक रब्बानित म्हणतात, मग तिचा नवरा दात काढणारा डॉक्टर का असेना. काहींना हे अजिबात पटत नाही. मला मनापासून पटतं. फक्त एक काळजी वाटते. पदवीवाली रब्बानित आली म्हणून यीस्ट विकता विकता ऐकून घेणारी, रात्री दोनला मयताला जाणारी, जिच्याकडे कसलाच कागद नाही, तिला ‘नुसती राब्बीची बायको’ म्हणायला लोक मोकळे व्हायला नकोत. इस्राएलमधल्या बने ब्राकच्या, एका राब्बींच्या बायको बातशेवा कानिएव्स्की 2011 साली गेल्या तेव्हा हजारोंनी माणसं रस्त्यावर होती. त्या कुठली परीक्षा देऊन आल्या नव्हत्या. रोज दार उघडं असायचं आणि बायका रांगेत उभ्या राहायच्या, एवढंच.

मिसिसिपीकाठी

ही काळजी अगदी बरोबर आहे. माझ्या ओळखीची एक तरुण मुलगी राब्बीची बायको आहे आणि स्वतः वकील. मंडळी नोकरी देताना मुलाखत त्याची घेतात, पण जेवायला दोघांना बोलावतात आणि तिच्याकडे निरखून बघतात. ती म्हणते, मला हे काम करायचं असेल तर मला पगार द्या, नसेल करायचं तर मला माझी वकिली करू द्या. तीही खरीच.

निशिगंधा_क

ताई, माझ्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर राहिलं. तुमच्या त्या रब्बानितला तिच्या नावाने कोणी हाक मारतं का?

ठाणेकर_अश्दोद

विसरले नव्हते, कसं लिहावं ते सुचत नव्हतं.

आमच्या वस्तीत तिला अजूनही सगळे रब्बानितच म्हणतात. राब्बी सहा वर्षांपूर्वी गेले. लोकांना वाटलं आता ते घर बंद होईल. मागच्या महिन्यात गेले तर दारावरची पाटी तीच होती, त्यांच्या नावाची, आणि ओट्यावर चणे भिजत होते. पाकिटं आता येत नाहीत म्हणाली, पोरी फोन करतात, ते चांगलंच आहे, पण चहाला येतात.

तिचं नाव इथे लिहीत नाही, तिला विचारलेलं नाही. पण मला ते माहीत आहे. मोरोक्कोच्या लोकांत आणि आमच्यात जिवंत माणसाचं नाव बाळाला ठेवायला हरकत नसते, उलट तो मान समजतात. माझ्या धाकटीचं नाव तेच आहे.